कोंडी धरणार की फुटणार

माझ्या नवऱ्याच्या मते मी गेली कित्येक वर्षं उंटावरून शेळ्या हाकते आहे. म्हणजे बसायचं सिंगापुरात आणि निकाल द्यायचा कॅनडाच्या पार उत्तर टोकाला वाहणाऱ्या मॅकेन्झी नदीचा. त्याचं अगदीच चूक आहे असं नाही. मी नदीवरच्या बर्फाची उपग्रहचित्रं वाचते. त्यासाठी नदीकाठी राहावं लागत नाही, आणि तिथे रात्र असते तेव्हा आमच्याकडे दिवस असतो, म्हणून तिथल्या एका संशोधन प्रकल्पाने हे काम आमच्या संस्थेकडे दिलं. त्यांची माणसं झोपेतून उठेपर्यंत आमचं वाचन त्यांच्या हातात पडलेलं असतं. एवढ्या थंड नदीकडे मी स्वेटर घालून बघते खरी, पण तो ऑफिसातल्या एसीपायी. बाहेर पडलं की पाच मिनिटांत घामाने अंघोळ.

ही नदी मी आईला पहिल्यांदा समजावून सांगितली ती चेंबूरच्या घरी, रजेवर गेले असताना. नकाशा पुढ्यात पसरला आणि बोट खालून वर नेलं. आई म्हणाली, काहीतरीच काय, पाणी कधी वर चढतं का? नकाशात उत्तर वर असते, म्हणून तसं दिसतं, असं सांगितलं तरी तिला ते पटलं नाही. ती बिचारी गेली, पण तिची शंका मला अजून आठवते, कारण त्या नदीचं सगळं काही त्या एका गोष्टीत आहे. ती उत्तरेला वाहते. तिचं खोरं इतकं मोठं आहे की आपला महाराष्ट्र त्यात पाचदा मावेल आणि तरी जागा उरेल. दक्षिणेला रॉकी पर्वताच्या उतारांवर तिच्या उपनद्यांचे उगम आहेत, मध्ये समुद्रासारखी पसरलेली सरोवरं आहेत, मग मैलोन् मैल सूचिपर्णी झाडांचं रान आणि दलदल, आणि शेवटी आर्क्टिक महासागर. तिथले मूळ लोक तिला त्यांच्या भाषेत नुसतं 'मोठी नदी' म्हणतात.

आता वसंत येतो तो दक्षिणेकडून. नदीच्या वरच्या अंगाला बर्फ वितळतं, उपनद्या फुगतात, पाणी निघतं खाली यायला. आणि खाली, मुखाकडे, अजून हिवाळा बसलेला. पुरुषभर जाडीचं बर्फ काठाला घट्ट चिकटून असतं. वरून येणारे बर्फाचे तुकडे, कोणी दाराएवढा, कोणी घराएवढा, त्या घट्ट बर्फावर येऊन आदळतात, एकमेकांवर चढतात, तळाला रुततात आणि नदीचं तोंड बांधलं जातं. मागे पाणी चढायला लागतं. या बांधाला इंग्रजीत नाव आहे, पण माझी मुलगी आणि मी त्याला कोंडी म्हणायचो. कोंडी धरली, कोंडी फुटली. मुलगी सिंगापुरात वाढलेली, मी मराठीत विचारलं की इंग्रजीत उत्तर देणार आणि वर इथल्या पोरांसारखं वाक्याच्या शेपटीला 'लाह' लावणार. पण बर्फाबद्दल बोलताना हे दोन शब्द ती मराठीतच वापरायची.

लहानपणी शनिवारी तिला सांभाळायला कोणी नसलं की मी तिला ऑफिसात घेऊन जायचे. रडारच्या चित्रात रंग नसतात, काळं-पांढरं-करडं एवढंच. खडबडीत बर्फ पांढरं दिसतं, शांत पाणी काळं. ती मांडीवर बसून बोट ठेवायची, हे पाणी, हे बर्फ. मग मी तिला सांगायचे, थांब, घाई नको, ओल्या बर्फावर पाण्याचा थर असला तर तेही काळंच दिसतं. मग ओळखायचं कसं? काठाकडे बघायचं. काठाला काळी रेघ उमटली की समजायचं, बर्फ किनाऱ्यापासून सुटलं, आता त्याचा काही भरवसा नाही. रेघ नसेल तर ते अजून धरून आहे. हे पुस्तकात असंच्या असं लिहिलेलं नाही. आमच्या कामाची सवय आहे ती, चुका करकरून लागलेली.

पुढे ती शिकायला तिकडेच गेली. मी नदी लांबून बघितली, हिने जाऊन तिच्यात पाय घातले. नवरा म्हणाला, घ्या, आता शेळ्याही आपल्याच. तो हार्बरफ्रंटला एका जहाज कंपनीत हिशेबाचं काम बघतो, त्याला जहाजं आवडतात आणि नद्या अजिबात आवडत नाहीत.

मुलीने संशोधनासाठी घेतलं ते एक तळं. मुखाजवळ त्या नदीचे शेकडो फाटे होतात आणि फाट्यांच्या मधल्या सपाट चिखलात हजारो तळी आहेत. तिच्या तळ्याला नाव नाही, नकाशात नुसता क्रमांक आहे. काही तळी फाट्याला जोडलेली असतात, त्यांना दरवर्षी पाणी मिळतं. पण काही तळी उंचावर असतात, नदीच्या आणि त्यांच्यामध्ये मातीचा उंबरठा असतो. त्यांच्यात पाणी जाण्याची एकच वाट, ती म्हणजे खाली कोंडी धरली आणि नदी फुगून उंबरठ्यावरून आत उतरली तर. तो पूर नुसतं पाणी आणत नाही. रॉकीच्या उतारापासून वाहून आणलेला गाळ आणतो, त्या गाळावर पाणवनस्पती वाढतात, त्या खाऊन मस्करॅट नावाचे उंदरासारखे केसाळ प्राणी जगतात, बदकं आणि हंस उतरतात, मासे अंडी घालायला येतात. पूर आला नाही तर उन्हाळ्याच्या न मावळणाऱ्या उन्हात तळं आटत जातं. काठाला विलोची झुडपं पुढे सरकतात. एक दिवस तिथे तळं होतं हे सांगावं लागतं.

आणि आता पूर कमी येतो. वसंत ऊबदार झाले आहेत, खालचं बर्फ वरचं पाणी येण्याआधीच जागच्या जागी कुजतं, कोंडी धरतच नाही, नदी मुकाट्याने समुद्रात निघून जाते. खालची कायमची गोठलेली जमीनही भुसभुशीत होते आहे, झाडं दारू प्यायल्यासारखी तिरकी झाली आहेत, काठ ढासळतात. गावांत राहणाऱ्यांना पूर नको असतो आणि त्यात त्यांचं काही चूक नाही. पण तळ्यांना तो हवा असतो. माझ्या मुलीचं तळं कित्येक वर्षांत भरलं नव्हतं. ती फोनवर त्याच्याबद्दल बोलायची तेव्हा मला आमच्या मजल्यावरच्या आजारी शेजाऱ्याची चौकशी केल्यासारखं वाटायचं. कसं आहे, आज काय दिसलं, किती खाली गेलं.

गेल्या मे महिन्यात ती तळ्याजवळच होती. प्रकल्पाचा तंबू तिथल्या एका म्हाताऱ्या जोडप्याच्या लाकडी घराशेजारी होता. मूळचीच माणसं ती. दर वसंतात बदकांच्या शिकारीला आणि मासे वाळवायला त्या घरी येऊन राहतात, पाणी आलं म्हणून उठून जात नाहीत. घर फाट्याच्या सगळ्यात उंच काठावर होतं. मुलगी त्या बाईंना आजी म्हणायची, चक्क मराठीत, आणि त्या बाईंना ते आवडायचं.

त्या वर्षी हिवाळा मुखाकडे रेंगाळला आणि वर एकदम ऊन तापलं. म्हणजे कोंडीला हवी तशी सगळी तयारी झालेली. खाली एका वळणावर, बेटांच्या मध्ये, बर्फ अडकल्याचं आम्ही चित्रात पाहिलं. प्रकल्पाच्या प्रमुखांनी ठरवलं की सगळ्यांना बाहेर काढायचं, हेलिकॉप्टर येईल. मात्र कोणाला स्वतःच्या जबाबदारीवर त्या जोडप्याबरोबर राहायचं असेल तर त्यांनी अडवलं नाही. माझी मुलगी म्हणाली, मी उद्याच्या चित्रापर्यंत थांबते. आई चित्र वाचेल. कोंडी फुटणार असेल तर पाणी तळ्यापर्यंत येणारच नाही, मग इथे राहून काय करू, मी हेलिकॉप्टरमध्ये बसेन. धरणार असेल तर मी राहणार. तळ्यात पाणी शिरताना मोजायला तिथे कोणीतरी पाहिजे.

हे तिने आम्हा दोघांना व्हिडिओवर सांगितलं, हसत हसत, आणि शेवटी म्हणाली, "डोन्ट वरी लाह." फोन बंद झाला आणि नवरा उठून चपला घालायला लागला. मी मागोमाग गेले. आमच्या घरापासून सेम्बावांगचा समुद्रकिनारा चालत जाण्याएवढाच आहे, पलीकडे मलेशियाचे दिवे दिसतात. आम्ही धक्क्यापर्यंत चालत गेलो. लोक गळ टाकून बसले होते. मग म्हणाला, उद्या चित्र कसंही असू दे, तू सांग, फुटणार.

मी म्हटलं, आणि नाही फुटली तर?

तर काय, तो म्हणाला, पोरगी घरी असेल. चुकलं म्हण. हवामानवाल्यांचं रोज चुकतं. एक शब्द बोलायचा आहे तुला.

मला त्याचा राग आला नाही. खरं सांगायचं तर त्याने ते बोलून दाखवलं म्हणून हलकंच वाटलं, कारण व्हिडिओ चालू असतानाच माझ्या मनात तेच आलं होतं. मुलीला मी जन्म दिला आहे, त्या तळ्याला नाही. उद्या सरळ खोटं सांगायचं असं ठरवून मी घरी परतले.

इथे एक गोष्ट सांगायला हवी. आमच्या घरी रोज संध्याकाळी बुद्धमूर्तीपुढे मेणबत्ती लावून वंदना होते, पंचशील म्हटलं जातं. रविवारी टॅम्पिनीसला एका कुटुंबाच्या फ्लॅटवर आपली माणसं जमतात, तिथेही मुलांकडून म्हणवून घेतात. मोठी माणसं सरावाने म्हणतात. मुलं ते खरं धरतात, आणि आमची तर फारच. चौथं शील खोटं न बोलण्याचं. एकदा कोणाचा तरी फोन आला, मी तिला खुणेने सांगितलं, आई घरात नाही म्हण. ती फोनवर म्हणाली, आई घरात आहे पण ती म्हणते नाही म्हणून सांग. नंतर मी ओरडले तर मला वर चौथं शील ऐकवलं. तेव्हा ती जेमतेम सहा वर्षांची असेल. नवरा पोट धरून हसला होता. त्या संध्याकाळी किनाऱ्यावरून आल्यावर वंदनेची वेळ टळून गेली होती. आम्ही दोघंही मेणबत्ती न लावताच जेवायला बसलो.

सकाळी चित्र आलं. आमच्याकडे नियम आहे, दोघांनी एकमेकांशी न बोलता वाचायचं आणि मग ताडून बघायचं. माझा सहकारी इथलाच, चिनी वंशाचा, माझ्याहून बराच तरुण आणि अतिशय शांत. माझी मुलगी तिथे आहे हे त्याला माहीत होतं. त्याने विचारलं, आज दुसऱ्या कोणाला बसवू का? मी नको म्हटलं. मला स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं होतं.

वळणावर पांढऱ्याशुभ्र बर्फाचा ढीग होता. त्याच्या मागे फाट्यांतून काळं पाणी चढलेलं. आणि त्याच्या पुढे, मुखाच्या बाजूला, अख्खं बर्फ जसंच्या तसं होतं. मी काठाकाठाने डोळे फिरवले. काळी रेघ शोधत होते. खूप शोधली. एका ठिकाणी वाटलं, आहे, मोठं करून बघितलं तर ती वाळूच्या दांड्याची सावली होती. कुठेही रेघ नव्हती. बर्फ दोन्ही काठांना घट्ट होतं. ही कोंडी धरणार होती, आणि चांगली धरणार होती. सहकाऱ्याचंही वाचन तेच निघालं.

आमचं पत्रक जातं त्यात असं धडधडीत लिहीत नाहीत. शक्यता अशी, शक्यता तशी, पुढचं चित्र अमुक दिवशी. ते वाचून कोणीही हवा तो अर्थ काढावा. म्हणूनच मुलगी फोन करणार होती. दुपारी, मी खाली हॉकर सेंटरमध्ये जेवणाचा ट्रे घेऊन बसले होते तेव्हा तिचा फोन आला. तिथे रात्रीचे दहा वाजून गेले होते, तरी मागे ऊन दिसत होतं. मध्ये मध्ये आवाज तुटत होता.

ती म्हणाली, "आई, पत्रक वाचलं. ते राहू दे. तुला काय दिसतंय ते सांग. आजी पण ऐकतायत, तू स्पीकरवर आहेस."

मी तोंड उघडलं ते फुटणार म्हणायला. शब्द जिभेवर होता. चौथ्या शीलामुळे थांबले असं लिहिलं तर छान दिसेल, पण ते खरं नाही. मी थांबले कारण पलीकडे चूल नीट करण्याचा आवाज आला. ती म्हातारी बाई काहीतरी हलवत होती, चहाचं भांडं असावं, आणि माझ्या उत्तराची वाट बघत होती. फुटणार म्हटलं असतं तर माझी मुलगी उद्या बाहेर पडली असती, आणि ती दोघं निश्चिंत होऊन आपली नाव खाली पाण्याकाठीच बांधून झोपली असती. माझ्या शब्दावर.

मी म्हटलं, "धरणार. काठ सुटलेले नाहीत. पाणी घरापर्यंत येऊ शकतं. सगळं सामान माळ्यावर चढवा आणि नाव अगदी दाराशी आणून बांधा. आणि तू उद्या हेलिकॉप्टरने ये. ऐकतेस ना? मी खरं सांगितलं, आता तू माझं ऐक."

 तिने आधी इंग्रजीत त्या दोघांना सगळं समजावून सांगितलं. मग मला म्हणाली, आई, ठरल्याप्रमाणेच करते. आवाज तुटला आणि फोन गेला. समोरचा भात तसाच होता. मी तो नंतर खाल्ला, सगळा. असं कसं खाल्लं ते मला आजही कळत नाही.

नवऱ्याला संध्याकाळी सांगितलं. तो ओरडला असता तर बरं झालं असतं. तो सोफ्यावर बसला, चष्मा काढून हातात धरला आणि म्हणाला, "तुझ्या खरेपणाचं मी काय करू आता?" त्यानंतर तो माझ्याशी बोलेनासा झाला. चहा करून ठेवायचा, माझाही ठेवायचा, पण बोलायचा नाही. मी त्या जोडप्याचं सांगितलं, नावेचं सांगितलं. त्याने ऐकून घेतलं. त्यांच्याशी त्याचं काही वैर नव्हतं. पण तो बाप होता आणि त्या दिवसांत तो दुसरा कोणीही व्हायला तयार नव्हता.

हेलिकॉप्टर येऊन गेलं. ती त्यात नव्हती, तसं प्रकल्पाच्या ऑफिसने कळवलं. दुसऱ्या दिवसापासून तिचा फोन लागेना. त्यांनी सांगितलं, पाणी चढलं आहे, ढग इतके खाली आहेत की उडता येत नाही, बॅटरी संपली असेल, काळजी करू नका. मी रोज ऑफिसला जात होते. घरी बसून काय केलं असतं? बाकीच्या नद्यांची चित्रं वाचली, पत्रकं लिहिली. जीव टांगणीला लागणं म्हणजे काय ते तेव्हा कळलं. जेवण जातं, झोपही लागते, फक्त आपण कुठेच नसतो. एमआरटीत माझं स्टेशन मागे पडायचं आणि मी पुढच्या स्टेशनवर उतरून परत यायचे.

पुढचं चित्र आलं ते शनिवारी. शनिवारी आता ऑफिस बंद असतं, मी घरच्या लॅपटॉपवर उघडलं. मला वाटलं होतं त्याप्रमाणेच सगळं झालं होतं. कोंडी जागची हलली नव्हती. तिच्या मागे फाटे नव्हते, बेटं नव्हती, तळी वेगळी ओळखू येत नव्हती. एकच काळं पाणी. तिचं तळं मला डोळे मिटून सापडायचं, त्या दिवशी अक्षांश-रेखांश घालून शोधावं लागलं. ते भरलं होतं. जन्मभर ज्याला बरोबर वाचन म्हणत आले ते मी केलं होतं.

नवरा मागे येऊन उभा राहिला. इतक्या वर्षांत त्याने एकदाही माझं चित्र नीट बघितलं नव्हतं. म्हणाला, कुठे आहे ती?

मी बोट ठेवलं. उंच काठ जिथे असायला हवा तिथे. तो वाकून बघत राहिला. म्हणाला, इथे तर काही नाही. मी त्याला सांगितलं की चित्रातला एक ठिपका त्या घराहून मोठा आहे. घर कोरडं असलं तरी दिसणार नाही आणि वाहून गेलं असलं तरी दिसणार नाही. एवढं बोलले आणि मला रडू फुटलं. हुंदके देऊन, लहान पोरासारखी रडले. त्याने माझ्या डोक्यावर हात ठेवला. तो बोलत नव्हता तरी ठेवला. मग खुर्ची ओढून शेजारी बसला आणि आम्ही दोघं त्या काळ्या पाण्याकडे बघत बसलो. स्क्रीन विझली की तो बोट लावून पुन्हा चालू करायचा.

फोन आला तो सोमवारी सकाळी. आम्ही दोघंही निघायच्या घाईत होतो, त्याच्या गळ्यात ऑफिसचं कार्ड, माझी पोळी तव्यावर. अनोळखी नंबर होता. मी उचलला आणि ती म्हणाली, "आई." मी गॅस बंद केला.

ती गावात पोचली होती, तिघंही पोचली होती. तिने सगळं सांगितलं, आणि सगळं मराठीत. अडखळत, चुकत, शब्द सापडला नाही की थांबून, पण मराठीतच. पाणी घरात गुडघ्याच्या वर आलं. तिघं माळ्यावर बसली. बाहेर बर्फाचे तुकडे भिंतीला घासायचे तेव्हा सगळं घर थरथरायचं. माशांना धुरी देण्याची शेड त्यांच्या डोळ्यांदेखत उखडून वाहून गेली. वर्षभराचे मासे गेले, म्हातारबाबांचं बर्फावरच्या गाडीला जुंपायचं जुनं कुत्रं गेलं. मग शेवटी नाव. ती दाराशी होती म्हणून खिडकीतून तिच्यात उतरता आलं आणि पुढच्या उंचवट्यापर्यंत जाता आलं. तिथे त्यांना हेलिकॉप्टरने उचललं. तळं कसं होतं ते मी विचारलं नाही. तिने स्वतःहून सांगितलं की पाणी उंबरठ्यावरून आत जाताना तिने बघितलं, रात्रभर चाललं होतं, आणि तळ्यावर इतके पक्षी उतरले की आजींनाही आठवत नाहीत. मोजमापाचं यंत्र मात्र वाहून गेलं. ती हे सांगताना रडत होती. कुत्र्यासाठी की तळ्यासाठी, मला विचारावंसं वाटलं नाही.

नवरा शेजारी उभा होता, कान फोनजवळ लावून. मी स्पीकर चालू केला.

मग ती म्हणाली, "तू फुटणार म्हणाली असतीस तर मी आले असते."

मी म्हटलं, "माहीत होतं मला."

"मग बाबा रागावले असतील."

त्याने मान हलवली, नाही म्हणून, जसं काही तिला ते दिसणारच होतं.  

इतके दिवस जे आवरून धरलं होतं ते माझ्या तोंडून निघून गेलं. मी म्हटलं, "हे बघ, तू खुशाल तिथे राहा, तुझं तळं बघ, मी काही म्हणणार नाही. पण पुढच्या वेळी मला विचारू नकोस. मला खोटं बोलता येत नाही आणि खरं सोसवत नाही. दुसऱ्या कोणालाही विचार."

पलीकडे कोणीतरी तिला काही खायला आणून दिलं असावं, भांड्याचा आवाज आला. तिने त्यांचे आभार मानले. मग फोनजवळ तोंड आणून हळूच विचारलं, "कोणाला विचारू?"

मी नवऱ्याकडे बघितलं, त्याने माझ्याकडे. तिला सांगायला माझ्याकडे दुसऱ्या कोणाचंही नाव नव्हतं.